बंद दारामागची बंधुता

सिग्मा अल्फा एप्सिलॉन ही अमेरिकेतल्या कॉलेजकुमारांची संघटना. बायकांना तिथं सभासदत्व नाही. तरी तिच्या इतिहासात एक बाई आहे. 1861 मध्ये यादवी युद्ध पेटलं, केंटकी मिलिटरी इन्स्टिट्यूटमधली पोरं वह्यापुस्तकं टाकून लढायला निघाली आणि जाताना आपल्या शाखेचे गुप्त कागद त्यांनी लूसी पॅटी नावाच्या ओळखीतल्या मुलीच्या हवाली केले. तिनं ते युद्ध संपेपर्यंत जपले, कुणाला दाखवले नाहीत. परत आलेल्यांनी कृतज्ञतेपोटी तिलाच सभासद करून घेतलं. संघटनेची ही पहिली आणि शेवटची बहीण.

गोष्ट गोड आहे, आणि संघटनेची माणसं ती अजून हौसेनं सांगतात. मला मात्र ती वाचताना वेगळंच वाटतं. घरदार सोडून मरायला निघालेल्या विशीतल्या पोरांना काळजी पडली होती ती विधीच्या कागदांची! गुपिताला एवढी किंमत का? अशा संघटना, म्हणजे फ्रॅटर्निटी, ठेवाव्यात की मोडाव्यात, हा अमेरिकेतला जवळपास दोनशे वर्षांचा वाद मला शेवटी याच प्रश्नापाशी येऊन थांबलेला दिसतो.

मूळ शोधायला गेलं तर 5 डिसेंबर 1776 ही तारीख सापडते. व्हर्जिनियातल्या विल्यम्सबर्गमध्ये, विल्यम अँड मेरी कॉलेजच्या काही विद्यार्थ्यांनी फाय बीटा कॅपा नावाचं मंडळ काढलं. ग्रीक बोधवाक्य, त्यातल्या शब्दांची आद्याक्षरं हेच नाव, खास हस्तांदोलन, छातीवर मिरवायचं पदक, आणि आतलं बाहेर न सांगण्याची शपथ. पुढच्या साऱ्या फ्रॅटर्निटींचं बी एवढंच. 1825 मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या युनियन कॉलेजात कॅपा अल्फा निघाली, दोन वर्षांत तिथंच सिग्मा फाय आणि डेल्टा फाय निघाल्या, आणि मग हे लोण कॉलेजाकॉलेजांत पसरलं. त्या काळची कॉलेजं म्हणजे सक्तीची प्रार्थना, लॅटिन-ग्रीकची घोकंपट्टी आणि प्राध्यापकांची करडी नजर. ज्या ग्रीकनं दिवसभर जीव खाल्ला, तिचीच तीन अक्षरं उचलून पोरांनी रात्री स्वतःचं राज्य उभं केलं. यातला खट्याळपणा मला आवडतो.

सिग्मा अल्फा एप्सिलॉन त्या मानानं उशिरा आली. 9 मार्च 1856 रोजी अलाबामा राज्यातल्या टस्कलूसा इथं नोबल लेस्ली डिव्होटी आणि त्याचे सात मित्र यांनी ती स्थापली. आपला विस्तार दक्षिणेकडच्या राज्यांतच ठेवायचा, ही त्यांची मूळ कल्पना. युद्ध आलं तेव्हा सभासद जेमतेम चारशे. संघटनेच्या स्वतःच्या नोंदींनुसार त्यांतले 369 दक्षिणेच्या बाजूनं, म्हणजे गुलामगिरी टिकवू पाहणाऱ्या राज्यांसाठी लढले; उत्तरेच्या बाजूनं 7. युद्धानंतर संघटना जवळपास संपलीच होती. ती पुन्हा उभी राहिली, उत्तरेत गेली आणि देशातल्या सर्वांत मोठ्या फ्रॅटर्निटींपैकी एक झाली. राष्ट्राध्यक्ष विल्यम मॅकिन्ली तिचे, कादंबरीकार विल्यम फॉकनर तिचे. शिकागोजवळच्या इव्हॅन्स्टनमध्ये 1930 साली तिनं एक भव्य स्मारकमंदिर बांधलं. आणि जॉन वॉल्टर वेलँड यांनी लिहिलेली ‘द ट्रू जंटलमन’ ही सज्जनाची व्याख्या नव्या सभासदानं तोंडपाठ म्हणायची, हा तिचा रिवाज. आपल्याकडं मुंजीत गायत्री, तसं.

आत शिरण्याची रीत सगळीकडं साधारण सारखी. सत्राच्या सुरुवातीला ‘रश’: जुने सभासद नव्या मुलांना घरी बोलावतात, जेवू घालतात, पारखतात. पसंत पडला तर ‘बिड’, म्हणजे आमंत्रण. ते स्वीकारलं की मुलगा ‘प्लेज’ झाला. अजून भाऊ नव्हे, उमेदवार. काही आठवडे त्यानं संघटनेचा इतिहास पाठ करायचा, संस्थापकांची नावं घोकायची, वरच्यांची कामं करायची. शेवटी बंद दारामागं दीक्षाविधी, आणि तिथून पुढं जन्मभराचा भाऊ. सभासदाचा मुलगा आला तर तो ‘लेगसी’, त्याला झुकतं माप. हे सगळं नियमपुस्तकातलं. हेझिंग पुस्तकात नसतं. उमेदवाराची सत्त्वपरीक्षा म्हणून त्याला जागवायचं, राबवायचं, मारायचं, ढोसायला लावायचं, याला हेझिंग म्हणतात. जवळपास प्रत्येक संघटनेच्या घटनेत ते निषिद्ध आहे, आणि तरी कित्येक घरांमध्ये ते वर्षानुवर्षं चालत आलेलं आहे.

आता बाजू मांडायची तर आधी चांगली मांडतो, कारण आपल्या वाचकाला फ्रॅटर्निटी माहीत असते ती हॉलिवूडच्या सिनेमातली: बिअरचे पिंप आणि गच्चीवरून उड्या. अमेरिकेतली मोठी सरकारी विद्यापीठं म्हणजे तीस-चाळीस हजार विद्यार्थ्यांची गावं. अठरा वर्षांचं पोर तिथं एकटं येऊन पडतं. त्याला चाळीस-पन्नास जणांचं एक घर मिळतं, स्वयंपाकघर मिळतं, परीक्षेच्या आदल्या रात्री शिकवणारा मोठा भाऊ मिळतो. घराचं भाडं, किराणा, गळकं छप्पर, थकलेली वर्गणी हे सगळं विशीतली पोरंच सांभाळतात. आणि नोकरीच्या वेळी माजी सभासदांचं जाळं कामाला येतं. युनियन कॉलेजच्या अर्थशास्त्रज्ञांनी ईशान्येकडच्या एका कॉलेजच्या माजी विद्यार्थ्यांची पाहणी केली, तेव्हा निष्कर्ष मजेदार निघाला: फ्रॅटर्निटीत गेल्यानं परीक्षेतली सरासरी चारपैकी पाव गुणानं घसरते, पण पुढच्या आयुष्यातली कमाई सुमारे 36 टक्क्यांनी वाढते. एका कॉलेजावरून देशाचा हिशेब मांडता येत नाही, पण बाप मंडळी फ्रॅटर्निटीची वर्गणी मुकाट्यानं का भरतात, याचा अंदाज येतो.

त्याहून वजनदार उदाहरण अल्फा फाय अल्फाचं. 4 डिसेंबर 1906 रोजी कॉर्नेल विद्यापीठात सात कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांनी ती स्थापली. गोऱ्या मुलांच्या घरांची दारं त्यांना बंद होती, वसतिगृहातही थारा कठीण, मग एकमेकांना धरून राहण्याखेरीज इलाज काय होता? डब्ल्यू. ई. बी. डू बॉइस, थर्गुड मार्शल, मार्टिन ल्यूथर किंग हे सारे तिचे सभासद. वॉशिंग्टनमधलं किंग यांचं स्मारक ही कल्पनाही याच संघटनेची. 1984 मध्ये तिनं ती मांडली, 1996 मध्ये संसदेची परवानगी मिळवली, निधी उभारला आणि 2011 मध्ये स्मारक खुलं झालं. कॉलेज सुटल्यावर मैत्री सुटते, हा जगाचा अनुभव. सत्तावीस वर्षं एका कामाला चिकटून राहणारं बंधुत्व हसण्यावारी नेता येत नाही.

आणि तरीही. 1873 मध्ये याच कॉर्नेलमध्ये फ्रॅटर्निटीच्या दीक्षेसाठी रात्री अंधारात नेलेला एक विद्यार्थी दरीत पडून मेला. तेव्हापासून ही यादी थांबलेली नाही, फक्त मरणाची तऱ्हा बदलली. अलीकडं कारण बहुधा दारू असतं, आणि त्याला एका चांगल्या हेतूच्या कायद्याचाही हातभार लागला. 1984 मध्ये संघराज्य सरकारनं महामार्गांचा निधी कापण्याची धमकी देऊन सर्व राज्यांना मद्यपानाचं वय 21 करायला लावलं. रस्त्यावरचे अपघात कमी व्हावेत हा हेतू, आणि तो वाईट नव्हता. पण कॉलेजातली बहुसंख्य मुलं एकवीसच्या आतली. बार बंद, वसतिगृहात तपासणी, मुलींच्या बहुतेक सोरोरिटींच्या घरांत दारूबंदी. उरलं काय? फ्रॅटर्निटीचं घर. ज्याच्या मालकीचं घर, त्याच्या हातात बाटली. ज्याच्या हातात बाटली, त्याच्या हातात पहिल्या वर्षाच्या मुलामुलींची सारी संध्याकाळ.

एक प्रकरण मात्र दारूचं नाही, आणि मला तेच सर्वांत जास्त खुपतं. 2013 मध्ये न्यूयॉर्कच्या बारूक कॉलेजातल्या एका आशियाई-अमेरिकन फ्रॅटर्निटीनं, पाय डेल्टा सायनं, आपले उमेदवार पेनसिल्व्हेनियातल्या पोकोनो डोंगरात नेले. विधीचं नाव ‘काचेचं छत’. डोळ्यांवर पट्टी, पाठीवर वाळू भरलेली पिशवी, गोठलेली जमीन, आणि अंधारात धावून येऊन आडवं पाडणारे भाऊ. आशियाई माणसाला अमेरिकेत किती अडथळे सोसावे लागतात हे मुलांना कळावं, म्हणून हा विधी. एक मुलगा त्यात मेला. मदत बोलवायला उशीर झाला. 2017 मध्ये ज्यूरीनं व्यक्तींना नव्हे, खुद्द राष्ट्रीय संघटनेला सदोष मनुष्यवधाबद्दल दोषी धरलं, आणि पुढं न्यायाधीशांनी पेनसिल्व्हेनियातून तिला दहा वर्षांसाठी हद्दपार केलं. जगानं आपल्याला पाडलं, हे शिकवण्यासाठी आपल्याच पोराला पाडायचं! परंपरा डोक्यात गेली की काय होतं, हे यापलीकडं कुणी काय सांगणार?

वगळण्याचा इतिहासही मोजायला हवा. फाय डेल्टा थीटाच्या घटनेत ‘गोरा आणि शुद्ध आर्य रक्ताचा’ अशी अट 1954 पर्यंत होती. अॅमहर्स्टमधल्या फाय कॅपा सायच्या शाखेनं 1948 मध्ये एका कृष्णवर्णीय विद्यार्थ्याला घेतलं, तर राष्ट्रीय संघटनेनं त्या शाखेलाच बाहेर काढलं. इथं एक गोष्ट नोंदवायला हवी: घेणारी पोरंच होती, अडवणारे माजी सभासद. अटी कागदावरून गेल्या, पण 2015 मध्ये ओक्लाहोमा विद्यापीठातल्या सिग्मा अल्फा एप्सिलॉनच्या मुलांचा बसमध्ये वर्णद्वेषी गाणं म्हणतानाचा व्हिडिओ बाहेर आला. विद्यापीठाचे अध्यक्ष डेव्हिड बोरेन यांनी शाखेचं घर रिकामं करायला लावलं. चौकशीत निघालं की ते गाणं मुलं काही वर्षांपूर्वी संघटनेच्या राष्ट्रीय नेतृत्व शिबिरात शिकली होती, एका सहलीच्या जहाजावर. सज्जनाची व्याख्याही तोंडपाठ, आणि हे गाणंही तोंडपाठ.

मग मोडून टाकाव्यात का? हा प्रयोग अमेरिकेनं अनेकदा केला आहे. मिसिसिपी राज्यानं 1912 मध्ये सरकारी कॉलेजांतल्या फ्रॅटर्निटींवर कायद्यानं बंदी घातली, आणि 1915 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती वैध ठरवली. फॉकनर याच बंदीच्या काळात मिसिसिपी विद्यापीठात सिग्मा अल्फा एप्सिलॉनचे सभासद झाले, अर्थात चोरून. यावरून काय ते समजा. बंदी 1926 मध्ये उठली. प्रिन्स्टननं त्याआधीच, 1855 मध्ये, मनाई केली होती; तिथं फ्रॅटर्निटींच्या जागी जेवणाचे क्लब आले, आणि तेही असे निवडक आणि दिमाखदार की विद्यापीठाचे अध्यक्ष असताना वुड्रो विल्सन यांनी ते मोडायचा प्रयत्न केला आणि हात पोळून घेतले. पुढं ते देशाचे अध्यक्ष झाले, पण क्लब काही त्यांना हलवता आले नाहीत.

बंदी जिथं खरंच जमली, ते ठिकाण विल्यम्स कॉलेज. 1962 मध्ये तिथल्या विश्वस्तांनी ठरवलं की मुलांच्या राहण्या-जेवण्याची जबाबदारी कॉलेजची, ती फ्रॅटर्निटींवर सोपवणं चूक होतं. वरच्या वर्गांतली बहुतेक मुलं तोवर फ्रॅटर्निटीच्या घरांतच जेवत होती. माजी विद्यार्थी खवळले. पण कॉलेजनं नुसता हुकूम काढला नाही, खोल्या आणि भोजनगृहं दिली, आणि काही वर्षांत फ्रॅटर्निटी संपल्या. मात्र विल्यम्स हे छोटं, श्रीमंत कॉलेज. अलाबामा किंवा टेक्सासच्या अवाढव्य विद्यापीठांनी एवढी घरं कुठून आणायची? तिथं बंदी घातली तर मिसिसिपीचीच पुनरावृत्ती होईल, फक्त या वेळी कुलूप आतून लागेल आणि रुग्णवाहिका बोलवायलाही पोरं घाबरतील.

दुसरा मार्ग म्हणजे संघटना ठेवायची, उमेदवारी काढायची. कृष्णवर्णीयांच्या फ्रॅटर्निटी-सोरोरिटींनी 1990 मध्ये एकत्रितपणे प्लेजिंग बंद केलं. आदल्या वर्षी मोरहाऊस कॉलेजात एक विद्यार्थी गेला होता. परिणाम? कागदावर भरती सुटसुटीत झाली, आणि बऱ्याच ठिकाणी जुनी परीक्षा भूमिगत गेली. जो रीतसर फॉर्म भरून आला त्याला ‘कागदी’ म्हणून हिणवायचं, असा प्रकार सुरू झाला. सिग्मा अल्फा एप्सिलॉननं हेच पाऊल मार्च 2014 मध्ये उचललं: आमंत्रण स्वीकारल्यापासून 96 तासांत दीक्षा, मधली उमेदवारी नाही. जुन्या सभासदांची कुरकुर अशी की कष्टाशिवाय मिळालेल्या बिल्ल्याची किंमत राहत नाही. 2019 च्या जानेवारीत कॅलिफोर्नियातल्या अर्व्हाइनमध्ये तिच्याच एका शाखेत अतिमद्यपानानं एक तरुण दगावला. म्हणजे नियम बदलून मरणं थांबली, असं म्हणता येत नाही. पण उमेदवार आणि भाऊ यांच्यातली दरी मिटवली, की छळ करणाऱ्याच्या हातातली मोठी सबब जाते, हेही खरं. ‘अजून तू आमचा नाहीस’ हे वाक्य महिनोन्महिने म्हणता येणं, यातच सगळी सत्ता आहे.

इथं आपल्या रॅगिंगशी तुलना होते आणि ती फसवी आहे. महाराष्ट्रानं 1999 मध्ये रॅगिंगविरोधी कायदा केला. रॅगिंगमध्ये मुलगा अडकलेला असतो. कॉलेज आणि वसतिगृह सोडून जाणार कुठं? हेझिंगमध्ये तो आपल्या पायांनी आलेला असतो, वर्गणी भरून. ‘संमती होती’ हा बचाव म्हणूनच अमेरिकेतल्या अनेक राज्यांनी कायद्यात नाकारला आहे, आणि ते योग्यच. अठराव्या वर्षी आपलेपणाची भूक लागलेल्या पोरानं दिलेली संमती ही संमती कसली?

आता पुन्हा लूसी पॅटीच्या कागदांकडं येतो. गुपित हवंच का? फाय बीटा कॅपाच्या बाबतीत हा प्रश्न प्रत्यक्ष आला होता. 1826 मध्ये फ्रीमेसन मंडळींची गुपितं छापायला निघालेला विल्यम मॉर्गन नावाचा माणूस नाहीसा झाला आणि देशभर गुप्त मंडळांविरुद्ध संताप उसळला. त्या वातावरणात 1831 मध्ये फाय बीटा कॅपाच्या हार्वर्ड शाखेनं गुप्ततेची शपथ टाकून दिली. संस्था मेली नाही. आज ती अमेरिकेतली सर्वांत मानाची विद्वत्सभा आहे. फ्रॅटर्निटीवाले यावर म्हणतात, आणि त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे, की ती जगली पण बंधुता गेली, उरली ती गुणवत्तायादी. तिच्या दोन सभासदांनी रात्री दोन वाजता एकमेकांसाठी दार उघडल्याचं ऐकिवात नाही.

हा युक्तिवाद मी बराच वेळ घोळवला. शेवटी मला तो अर्धाच पटतो. मित्रांच्या कंपूला स्वतःचे शब्द, स्वतःच्या खुणा, स्वतःचे विनोद असतातच. हस्तांदोलन गुप्त ठेवलं तर कुणाचं काही बिघडत नाही. पण ‘आत काय झालं ते बाहेर सांगायचं नाही’ हा नियम हस्तांदोलनावरून पोकोनोच्या डोंगरापर्यंत पोचतो, तेव्हा तो बेशुद्ध पडलेल्या पोराच्या शेजारी बसून फोन करू की नको याचा विचार करायला लावतो. तेव्हा माझं मत असं. ज्या कॉलेजांना मुलांना घर आणि जेवण देणं परवडतं, त्यांनी विल्यम्सचा मार्ग धरावा. बाकीच्यांनी फ्रॅटर्निटी ठेवाव्यात, पण 96 तासांच्या आत भाऊ करून घ्यायची अट घालावी, आणि घराच्या चाव्यांचा एक जुडगा एखाद्या पगारी, प्रौढ, रात्री तिथंच राहणाऱ्या माणसाकडं असावा. काही पोरांना हा ‘हेरगिरी’चा प्रकार वाटेल. वाटू दे.

हा विषय मराठी वाचकाला परका राहिलेला नाही. न्यू जर्सी, टेक्सास, कॅलिफोर्नियातली मराठी घरांतली मुलं याच विद्यापीठांत जातात. दक्षिण आशियाई मुलांच्या वेगळ्या फ्रॅटर्निटीही आहेत. टेक्सास विद्यापीठात 1998 मध्ये निघालेली डेल्टा एप्सिलॉन साय ही त्यांतली एक, आणि त्याच वर्षी तिथंच मुलींची कॅपा फाय गॅमाही निघाली. आईवडिलांना यातलं फारसं ठाऊक नसतं. ‘मंडळात गेला असेल, चांगलंच आहे,’ असं म्हणून विषय संपतो. तो तिथं संपवू नका. 23 डिसेंबर 2024 रोजी राष्ट्राध्यक्ष बायडन यांची सही झालेल्या स्टॉप कॅम्पस हेझिंग कायद्यानं, ज्या संघटना हेझिंगमध्ये दोषी आढळल्या त्यांची नावं आणि काय घडलं याचा अहवाल आपल्या संकेतस्थळावर प्रसिद्ध करणं कॉलेजांना बंधनकारक केलं आहे. वर्गणीचा चेक फाडण्याआधी तो अहवाल मुलाला शेजारी बसवून वाचा.